चिलखत घडवणारा उघडा का?

या अंकात एक गोष्ट छापली आहे. वादळ पकडून, ऐरणीवर ठोकून, त्याचं जादूचं चिलखत घडवणाऱ्या माणसाची गोष्ट. असा धंदा जगात नाही, कधी नव्हता. ती छापायची की नाही यावरून आमच्यात दीड महिना भांडण झालं. एकानं आपली कविता परत मागून नेली. दुसरा चहाला यायचा बंद झाला. तेव्हा या वेळचं संपादकीय त्या गोष्टीवरच. दुसऱ्या कशावर लिहिलं तर तो पळपुटेपणा होईल.

आधी तो धंदा काय ते समजून घ्या.

गोष्ट लिहिणारा पोरगा एकोणीस वर्षांचा. दिवसा कॉलेज, रात्री गोडाउनात पार्सलं उचलतो. त्याच्या गोष्टीतला माणूस समुद्राच्या कड्यावर राहतो. लोक त्याला वादळकार म्हणतात. वादळ यायच्या तीन दिवस आधी त्याचे गुडघे ठणकतात. मग तो कड्यावर तांब्याच्या हंड्या आडव्या टांगतो, तोंड समुद्राकडे. पहिला झोत हंडीत शिरला रे शिरला की तोंडावर ओलं कातडं बांधायचं. वारा आत घुमत राहतो. तोच त्याचा भाता. वीज धरायला दोन पुरुष लांबीची सांडशी. वीज ऐरणीवर आली की थंड व्हायच्या आत तीन घाव घालायचे. चौथा घातला तर तडकते. पाऊस दोन्ही हातांनी पिळून त्याची दोरी वळायची, आणि त्या दोरीनं विजेचे पत्रे एकमेकांना शिवायचे. शेवटी गडगडाट आत भरायचा, गादीत कापूस भरतात तसा. असं चिलखत अंगावर असलं की तलवार लागत नाही. घाव बसला की चिलखत गरजतं आणि मारणाऱ्याचा हात खांद्यापर्यंत बधिर होतो. एका चिलखताला सात वादळं लागतात. घडवण्याजोगं वादळ वर्षाला एकच येतं. म्हणजे एका चिलखताला माणसाच्या आयुष्यातली सात वर्षं.

वाचताना मी हरखलो. खोटं कशाला बोलू? घण मारताना दम कुठं लागतो, खांदा कुठं भरून येतो, हे पोरानं बरोबर लिहिलंय. स्वतः वजन उचलल्याशिवाय हे कळत नाही.

पण बैठकीत पहिला सवाल आला तो असा : आपण गंडेदोऱ्यांवर तुटून पडलो, अंगात आणणाऱ्यांना उघडं पाडलं, आणि आता आपल्याच अंकात जादू? सवाल वाजवी आहे. त्याला उत्तर द्यायला मला आठ दिवस लागले. देवऋषी सांगतो, वादळ देवीच्या कोपानं आलं, कोंबडं आण. तो 'असंच आहे' म्हणतो आणि वर पैसे घेतो. गोष्ट सांगणारा 'समजा' म्हणतो. सगळा फरक या एका शब्दात आहे. 'असंच आहे' म्हणणाऱ्याला उलटा प्रश्न विचारला की तो शाप देतो. 'समजा' म्हणणाऱ्याला विचारता येतं, बरं बाबा, समजलो. मग त्या वादळकाराला मजुरी किती मिळते? त्याची बायको कुठं आहे? आम्ही हेच विचारलं, आणि त्यातूनच पुढचं सगळं निघालं.

दुसरा सवाल : हे परदेशी खूळ आहे, मोबाइलच्या खेळातून उचललेलं. पोरानं कबूल केलं की तो असले खेळ खेळतो. मीही खेळून पाहिला. त्यात गावाच्या टोकाला एक लोहार उभा असतो. त्याला धातू द्यायचा, बोट दाबायचं, चिलखत आपल्या पिशवीत. लोहाराला बोलायला दोनच वाक्यं दिलेली. तो दमत नाही, जेवत नाही, घरी जात नाही. तुम्ही चार दिवसांनी या, तो तिथंच उभा. मालक लोकांना असाच कामगार हवा असतो.

पण हे खूळ मोबाइलचं नाही. फार जुनं आहे.

रद्दीच्या दुकानात मला एक इंग्रजी पुस्तक किलोच्या भावानं मिळालं. रोमन कवी व्हर्जिल, इसवी सनापूर्वी १९ मध्ये मेला. त्याचं 'एनीड' नावाचं महाकाव्य, लॅटिनचं भाषांतर. मी दहावी झालेला माणूस. शब्दकोश मांडीवर घेऊन रोज अर्धं पान वाचायचो. आठव्या सर्गात आलो आणि थांबलो. कारण तिथं आमच्या पोराचा धंदा हुबेहूब लिहिलेला होता, दोन हजार वर्षांपूर्वी.

सिसिलीजवळच्या एका बेटाखाली, जमिनीच्या पोटात, देवांचा कारखाना आहे. मालक व्हल्कन, अग्नीचा आणि लोहारकीचा देव. कामगार सायक्लॉप्स, कपाळावर एकच डोळा असलेले राक्षस. त्यांची नावं ब्रॉन्टेस, स्टेरोपेस आणि पायरॅक्मॉन. पहिल्या नावात मेघगर्जना आहे, दुसऱ्यात वीज, तिसऱ्यात आग आणि ऐरण. त्यांच्या हातात ज्युपिटरसाठी वज्र आहे, अर्धं झालेलं. त्याचा मालमसाला कवीनं मोजून दिलाय. तीन हिस्से पिळलेला पाऊस, तीन हिस्से पाण्यानं भरलेला ढग, तीन हिस्से लाल आग, आणि पंखवाला दक्षिणेचा वारा. त्यात चमक, आवाज आणि भीती मिसळायचं काम चाललंय. बाजूला युद्धदेवाचा रथ बनतोय, आणि देवी मिनर्व्हाचं सोनेरी खवल्यांचं, सापांचं कवच घासून चकचकीत करणं चाललंय.

तेवढ्यात मालक येतो. म्हणतो, हातातलं सगळं बाजूला सारा, एका शूर पुरुषासाठी शस्त्रं करायची आहेत, अर्जंट. हा शूर पुरुष कोण? व्हल्कनच्या बायकोचा मुलगा, दुसऱ्या बापापासून झालेला. तिनं रात्री नवऱ्याला गोड बोलून ऑर्डर काढून घेतलेली. सायक्लॉप्स एका शब्दानं विचारत नाहीत. एका लयीत हात वर उचलतात आणि खाली आणतात. ढालीला सात थर देतात. त्या ढालीवर पुढं रोमचा सगळा इतिहास कोरलेला आहे, राजे आहेत, लढाया आहेत. घण मारणाऱ्यांचं चित्र त्यावर नाही.

आणि एक गोष्ट मी पेन्सिलीनं अधोरेखित केली. पायरॅक्मॉन कसा आहे, तर उघड्या अंगाचा. जगातलं सगळ्यात भारी चिलखत घडवणारा, ठिणग्यांसमोर उभा, आणि अंगावर चिंधी नाही. कवीला त्यात काही खटकलेलं नाही. त्याला ते शोभिवंत वाटलं असणार.

तरी व्हर्जिलला सगळंच दिसत नव्हतं असं मी म्हणणार नाही. व्हल्कन पहाटे कामाला उठतो तेव्हा कवी त्याची तुलना कुणाशी करतो? सूतकताईवर पोट भरणाऱ्या एका गरीब बाईशी. ती अंधारातच उठते, राखेतला विस्तव फुंकते, रात्रीचे तास कामाला जोडते, लेकरं वाढवायची म्हणून. देवाला कामाला लावायचं तर कवीलाही उपमा अशा बाईच्या चुलीतूनच घ्यावी लागली. ही बाई लक्षात ठेवा. मी तिच्याकडे परत येणार आहे.

हे सायक्लॉप्स आले कुठून? ग्रीक कवी हेसिअड, साधारण २७०० वर्षांपूर्वीचा, सांगतो की ते आभाळाचे आणि पृथ्वीचे पोर. बापालाच त्यांचा तिटकारा आला. त्यानं त्यांना जमिनीच्या पोटात कोंडलं. झ्यूसनं, म्हणजे रोमन लोकांच्या ज्युपिटरनं, त्यांना सोडवलं. उपकाराची फेड म्हणून त्यांनी त्याला गडगडाट आणि वज्र दिलं. त्या वज्राच्या जोरावर तो देवांचा राजा झाला. राजा झाल्यावर सायक्लॉप्स कुठं? पुन्हा भट्टीवर.

याचा शेवट ऐका. झ्यूसनं त्याच वज्रानं एका वैद्याला मारलं. वैद्याचा गुन्हा काय, तर तो मेलेल्यांना जिवंत करायला लागला होता. वैद्याचा बाप अपोलो, तोही देवच. तो चिडला. पण झ्यूसला हात लावायची त्याची छाती नव्हती. मग त्यानं काय केलं? वज्र घडवणाऱ्या सायक्लॉप्सना मारून टाकलं. ज्यानं वज्र फेकलं तो सिंहासनावर. ज्यांनी घडवलं ते मातीत. अपोलोला शिक्षा काय, तर एक वर्ष एका माणसाकडे गुरं राखायची. एवढीच. कामगाराच्या जिवाची किंमत तेव्हा एक वर्षाची गुराखी ठरली. आपल्याकडच्या चौकशी समित्यांनी इतकीसुद्धा शिक्षा फार ठिकाणी दिलेली नाही.

आता म्हणाल, हे तिकडचं झालं. इकडं या.

ऋग्वेदात इंद्राचं वज्र त्वष्ट्यानं घडवलं. त्या वज्रानं इंद्र वृत्राला मारतो आणि अडलेलं पाणी मोकळं होतं. म्हणजे आपला पावसाळासुद्धा एका कारागिराच्या हत्यारातून आला. मग त्या कारागिराचं काय झालं? महाभारताच्या उद्योगपर्वात आहे. त्वष्ट्याला तीन तोंडांचा मुलगा होता, त्रिशिरा, तप करणारा. इंद्राला वाटलं हा आपली गादी घेणार. त्यानं त्याच्यावर वज्र टाकलं. बापाच्या हातचं हत्यार, पोराच्या छातीवर. आणि मेलेल्या पोराचंही तेज इंद्राला सोसेना. तेव्हा त्यानं काय केलं? खांद्यावर कुऱ्हाड टाकून एक सुतार चालला होता. त्याला धरलं आणि म्हणाला, याची डोकी तोड. सुतार म्हणाला, हे काम वाईट आहे, माझ्यानं होणार नाही. तर इंद्रानं त्याला यज्ञातल्या वाट्याचं आमिष दाखवलं. शेवटी घाव सुतारानं घातले. मारायचं राजानं, घाण आपल्या हातांनी. दर दंगलीत हा इंद्र आपल्या पोरांच्या खांद्यावर हात टाकून फिरत असतो. त्याला ओळखायला शिका.

ऋभूंचंही ऐका. तीन भाऊ, माणसं, अव्वल कारागीर. त्यांनी इंद्राचे घोडे घडवले, अश्विनांचा रथ घडवला, त्वष्ट्यानं केलेल्या एका प्याल्याचे चार केले. कारागिरीच्या बळावर ते देव झाले. पण सोमरसाला त्यांना बसवलं कधी? सकाळी नाही, दुपारी नाही, तिसऱ्या पंगतीला, संध्याकाळी. आणि ऐतरेय ब्राह्मणात लिहिलंय की देवांना त्यांची किळस यायची, कारण त्यांच्या अंगाला माणसाचा वास यायचा. रथ चालतो, घोडे चालतात, प्याला ओठाला लावायला चालतो. हाताचा वास चालत नाही. हा वास कुठला, ते या अंकाच्या वाचकाला कुणी शिकवायला नको.

नव्या गोष्टींमध्ये हे बदललं का, हे बघावं म्हणून पोराच्या मोबाइलवर मी एक अमेरिकन कादंबरी वाचली. ब्रँडन सँडरसनची 'द वे ऑफ किंग्ज', २०१० ची. त्या जगात पूर्वेकडून महावादळं येतात. लोक रत्नं जडवलेले काचेचे गोळे बाहेर वादळात ठेवतात. त्यात वादळाचा उजेड भरतो. तोच उजेड दिवा, तेच गोळे पैसा, आणि त्याच उजेडावर सरदारांची अजस्र चिलखतं चालतात. चिलखताला तडा गेला तर वादळाचा उजेड पिऊन ते आपोआप भरून येतं. आणि त्या जगात माणसाची जात डोळ्यांच्या रंगावर ठरते. फिक्या डोळ्यांचे राज्य करतात, काळ्या डोळ्यांचे राबतात. अमेरिकेतल्या माणसाला जात कल्पनेनं उभी करावी लागली, पण केली बरोबर.

त्यात पुलकरी आहेत. दऱ्यांवर टाकायचे लाकडी पूल खांद्यावर घेऊन पळणारे गुलाम. त्यांना ढाल नाही, चिलखत नाही. विसरून दिलेलं नाही असं नव्हे. मुद्दाम दिलेलं नाही. शत्रूनं बाण यांच्यावर घालवावेत म्हणजे मागचे सैनिक वाचतात, असा सरदाराचा हिशोब. हे वाचताना मी लोकलमध्ये होतो. माझं स्टेशन गेलं. त्या पुलकऱ्यांतला एक काळ्या डोळ्यांचा पोरगा मेलेल्या शत्रूंच्या अंगावरचे कवचाचे तुकडे गोळा करून आपल्यासाठी चिलखत जुळवतो. ते घालून पुढं पळतो आणि बाण आपल्यावर ओढून घेतो, टोळी वाचावी म्हणून. सरदाराची चिलखतं मात्र पूर्वजांकडून आलेली आहेत. ती घडवायची कशी हे त्या पहिल्या पुस्तकात कुणालाच माहीत नाही. घडवणाऱ्याचा पत्ताच पुसलेला. घालणाऱ्यांची घराणी मात्र सगळ्यांना पाठ.

तर दोस्तहो, हे सगळं वाचून मी बैठकीत गेलो. तिथं आमच्यातल्या सगळ्यात मोठ्या माणसानं, जो गोष्टीच्या विरुद्ध होता, त्यानं पोराला एकच गोष्ट विचारली.

"तुझा वादळकार अंगावर काय घालतो रे?"

"म्हणजे दादा?"

"सात पावसाळे कड्यावर उभा राहतो ना? वीज धरतो ना? अंगावर काय असतं?"

पोरानं कागद चाळले. त्यानं लिहिलं होतं, उघड्या अंगानं. ओळ छान दिसते म्हणून लिहिलं होतं. व्हर्जिलसारखंच. तो बराच वेळ कागदाकडे बघत राहिला. मग कागद घडी करून खिशात टाकले आणि म्हणाला, "आठ दिवस द्या."

तो प्रश्न मलाही चावला. कारण वादळात अंगावर काय असतं हे मला माहीत आहे.

मी गोदीत कंत्राटावर आहे. माझा बापही गोदीत होता. बापाचं चिलखत म्हणजे गोणपाटाची खोळ. पोत्याचा एक कोपरा दुसऱ्या कोपऱ्यात खुपसायचा, डोक्यावर टोपडं तयार, पाठीवर उरलेलं पोतं. वारा आला की ती फडफडते, भिजली की माणसापेक्षा जड होते. आई मग दोन पोती उसवायची, मध्ये प्लॅस्टिकचा कागद घालायची, आणि गोधडीच्या सुईनं रात्रभर शिवायची. सकाळी सहाच्या पाळीला बाप ती घालून जायचा. व्हर्जिलनं उपमेला घेतलेली ती कातणारी बाई माझ्या घरात होती. फरक एवढाच की तिच्या सुईतून निघालेलं चिलखत देवाघरी गेलं नाही, माझ्या बापाच्या अंगावर गेलं. वादळाचं चिलखत मी आयुष्यात पाहिलेलं ते एवढंच, आणि त्यात जादू होती. बाप बावीस पावसाळे त्यातून परत आला.

मला हेल्मेट मिळतं. तपासणीचा साहेब येणार असला की मिळतं. साहेब गेला की मोजून परत. हरवलं तर पगारातून कापायचं, म्हणून मुकादम ते कपाटात कुलपात ठेवतो. हरवू नये म्हणून. डोकं हरवलं तर चालतं. एका पावसाळ्यात कंत्राटदारानं रेनकोट वाटले. पिवळे, पाठीवर त्याच्या कंपनीचं नाव. फोटो काढले. दुसऱ्या दिवशी निम्मे परत घेतले, म्हणे दुसऱ्या टोळीला द्यायचेत. त्याच पावसाळ्यात दुपारी अचानक वारा उठला. क्रेनला टांगलेला माल हेलकावला. खाली आमच्या टोळीतला एक जण होता. खांद्याचं हाड तुटलं. काम थांबवा म्हणून आम्ही अर्धा तास आधीपासून सांगत होतो. कागदावर काय लागलं? कामगाराचा निष्काळजीपणा. झ्यूसला हात लावता येत नाही ना, मग सायक्लॉप्सला मारा.

आणि ही एका टोळीची रड नाही. २०२१ च्या मे महिन्यात तौक्ते चक्रीवादळ आलं. इशारा आधीच दिलेला होता. १७ मे रोजी मुंबई हायच्या तेलक्षेत्राजवळ पी-३०५ नावाचा तराफा नांगर तुटून वाहत गेला आणि बुडाला. त्यावर २६१ माणसं होती, तेलाच्या कामावरची. सत्तरच्या वर मेली. जी वाचली, ती कित्येक तास अंधारात, लाटांत, नारिंगी लाइफ जॅकेटच्या आधारानं तरंगत राहिली. नौदलानं त्यांना वेचून काढलं. आपण जाळतो ते तेल समुद्राच्या पोटातून वर काढायला गेलेली ही माणसं. भट्टी जमिनीखालची असो की समुद्रावरची, आग वर जाते आणि माणूस खाली राहतो.

ते नारिंगी जॅकेट माझ्या डोक्यातून जात नाही. वादळाविरुद्धचं खरं चिलखत ते. फोम, कापड, पट्टे, एक शिट्टी. कुठल्या तरी कारखान्यात कुणी तरी मशीनवर बसून ते शिवलं. टाका सैल गेला असता तर आत माणूस राहिला नसता. शिवणारीला माहीत नाही तिनं कुणाला वाचवलं. वाचलेल्याला माहीत नाही ते कुणी शिवलं. या दोघांची गाठ घालून देणारी गोष्ट अजून कुणी लिहिलेली नाही. राजपुत्र आणि त्याच्या तलवारीच्या मात्र हजार आहेत.

म्हणून मी हात वर केला आणि म्हणालो, पोराची गोष्ट छापायची. वादळाचं चिलखत ही कल्पना आपल्याला परकी नाही. देवांच्या कारखान्यात जे खपले त्यांचीच ती आहे. ती कल्पना आजपर्यंत घालणाऱ्यांनी वापरली. आता घडवणाऱ्यांनी हातात घ्यावी. आपल्यातल्या पोरांनी फक्त आपली जखमच लिहावी, स्वप्न इतरांनी लिहावं, असा नियम कुणी केला? चाळ, नाका, उपाशी पोट, एवढंच आपल्या वाट्याचं, आणि ढग, वीज, जादू बाकीच्यांच्या वाट्याची? मला हा बटवडा मान्य नाही. फक्त अट एक. जादू लिहा, पण जादूचा हिशोब द्या. सात वादळं कुणी सोसली, मजुरी कुणी बुडवली, उघडं कोण राहिलं, ते लिहा.

पोरगा आठ दिवसांनी आला. गोष्ट बदलून आणली होती. पहिल्या खेपेला राजपुत्र चिलखत घालून लढाई जिंकतो आणि गोष्ट संपते. आता तिथं ती सुरू होते. राजाचा कायदा असा की पत्रे कापताना उरलेले तुकडे वजन करून परत द्यायचे, गुंजभर कमी भरलं तर हात तोडायचा. वादळकाराजवळ भाता सांभाळणारी एक मुलगी आहे. पहिल्या खर्ड्यात ती नव्हतीच. ती एक दिवस विचारते, "काका, वजन विजेचं करतात. गडगडाटाचं वजन कुठं करतात?" मग दोघं मिळून दर वादळातला थोडा थोडा गडगडाट चोरून ठेवायला लागतात. आठव्या वादळाला काय होतं ते मी सांगत नाही. पान उलटा.

शेवट मात्र मला पटलेला नाही, हे इथंच सांगून टाकतो. वादळकार शेवटी स्वतःसाठी एक चिलखत घडवतो आणि कडा सोडून निघून जातो. मला वाटतं, एकट्यानं चिलखत घालून निघून जाणं राजपुत्रालाही जमलं होतं. कड्याखाली वस्ती आहे, तिथल्या लोकांच्या अंगावर काय? यावर पोरगा म्हणाला, "भाऊ, त्यानं आधी एकदा तरी स्वतःच्या अंगावर घालून बघू दे ना. आयुष्यभर दुसऱ्याचंच माप घेतलंय त्यानं." यावर माझ्याकडे उत्तर नव्हतं. अजून नाही. गोष्ट त्याच्या शेवटासकट छापली आहे.

चहाला यायचा बंद झालेला मित्र परवा गोदीच्या गेटवर भेटला. गोष्टीचा नवा खर्डा मी त्याला दिला होता. तो एवढंच म्हणाला, "त्या मुलीचा प्रश्न चांगलाय." मी त्याला चहा पाजला. पैसे त्यानं दिले.

तुमचं काय म्हणणं आहे ते कळवा. शेवट बरोबर की चूक, यावर आलेली पत्रं पुढच्या अंकात काटछाट न करता छापू, आमच्यावर शिव्या असल्या तरी. ज्यांच्या घरात कुणी चिलखतं शिवतं, मग ती रेनकोटची असोत, हातमोज्यांची, बुटांची की लाइफ जॅकेटची, त्यांनी त्या माणसाला एक प्रश्न विचारावा : तू स्वतः काय घालतोस, तू स्वतः काय घालतेस? जे उत्तर मिळेल ते जसंच्या तसं लिहून पाठवा. भाषा सुधारू नका. पुढच्या अंकाची आठ पानं त्यासाठी कोरी ठेवली आहेत.